कंसात

बर्नो शहर, सत्त्याहत्तरचा हिवाळा.
इस्पितळाच्या तळघरात बॉयलरला कोळसा घालणारा ओत्मार
पूर्वी विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकवायचा.
एका कागदावर सही करायची राहिली,
म्हणजे त्यानं ती राहू दिली,
म्हणून आता हातात फावडं.
तळव्यांना घट्टे, पण बोलताना बोटं अजून
खडू धरल्यासारखी जुळायची.

मंगळवारी रात्री चार-पाच पोरं यायची,
कोळशावर पोतं अंथरून बसायची.
"जग आहे का, हा प्रश्न आज नको," तो म्हणायचा.
"देव आहे का, तोही नको.
दोन्ही कंसात ठेवा. पुसू नका, मानू नका,
नुसतं बाजूला.
मग जे आलं, जसं आलं, तेवढंच सांगा."
ब्लांकाला त्यानं भट्टीपुढे उभं केलं.
"गरम," ती म्हणाली.
"हा शब्द तू घरून आणलास. परत बघ."

हे मला ब्लांकानंच सांगितलं, चाळीस वर्षांनी,
स्वयंपाकघरात, बटाटे सोलता सोलता.
मी म्हटलं, आमच्या भाषेत त्या खुणेचं नाव
आणि एका राजाचं नाव एकच आहे.
त्यानं सख्ख्या बहिणीला तुरुंगात टाकलं होतं.
"मग?"
मग तिथेच जन्म झाला. मध्यरात्री.
बेड्या गळाल्या, पहारेकरी गाढ झोपले.
ती हसली. "आमचे झोपत नसत."
आणि सुरी खाली ठेवून
द्राहोमीराचं सांगू लागली.

द्राहोमीरा वरच्या धुलाईघरातली.
पाणी कोमट येतंय, अशी तक्रार घेऊन उतरली होती.
दारात उभी राहून तिनं थोडं ऐकलं,
मग कुणी न विचारता म्हणाली,
"ओली चादर एकटीला पिळता येत नाही.
बोझ्का आजारी, म्हणून मी दुसरं टोक नळाला बांधायचे.
परवा रात्री बांधायला विसरले.
मी उजवीकडे पीळ दिला.
पलीकडून डावीकडे पीळ आला."

कुणीतरी हसलं. ओत्मार नाही.
त्यानं फावडं भिंतीला टेकवलं.
"पीळ एकदम आला की हळूहळू?"
"माझ्याबरोबरच. जरा मागून."
"पाणी किती पडलं?"
"नेहमीपेक्षा जास्त. बोझ्काच्या मनगटात एवढा जोर नाही."
"पलीकडे पाहिलंत?"
"चादर पाहिली. ताणलेली होती."
"भीती?"
"लाज. माझ्या एकाच पायात मोजा होता."

ते नाकातला चष्मा पुसणारं पोरगं,
ब्लांकाला त्याचं नाव आता आठवत नाही,
मध्येच म्हणालं, "पण कोण होतं?"
ओत्मारनं हात वर केला. ते कंसाच्या बाहेरचं.
द्राहोमीरा दोघांकडे बघत राहिली,
उधारी बुडवणाऱ्या गिऱ्हाइकाकडे बघावं तशी.

"सगळं विचारलंत," ती म्हणाली,
"पीळ विचारलात, पाणी विचारलंत.
आधी कुणी सोडलं,
ते नाही विचारलंत."

भट्टीत काहीतरी कोसळलं.

"मी सोडलं. मला घाई होती.
अजून बेचाळीस चादरी पडल्या होत्या."

पदराला पुसावेत तसे तिनं
हात एप्रनला पुसले. कोरडेच होते.
दार लावताना पुन्हा म्हणाली,
पाण्याचं तेवढं बघा.

ओत्मारनं वही उघडली. एक कंस काढला,
आत बरंच लिहिलं,
आणि दुसरा काढायच्या आधी
उठून दोन फावडी कोळसा जास्त टाकला.
वर पाणी तापलं का,
ते ब्लांकाला माहीत नाही.